कुणावरचा अभिमान

शकुन खानापूरकर हे नाव साताऱ्यात मंगल होते. कोलकात्यात ते गिधाडाचे होते. बंगालीत 'शोकुन' म्हणतात तो हाच पक्षी, ही माहिती तिला या शहरात उतरल्यावर आठवड्याभरातच मिळाली. पुढे ज्या ज्या कार्यालयात तिने आपले नाव सांगितले, तिथे तिथे समोरच्या सभ्य माणसाच्या ओठांचा कोपरा जरासा हलला. सभ्यता अशी, की हसले मात्र कोणी नाही. हसली ती कादंबरी रुईदास, आणि तीही सियालदह स्टेशनच्या बाहेर, भर दुपारी, खांद्यावर ढाक अडकवून.

दुर्गापूजेच्या आधी गावोगावचे ढाकी सियालदहला उतरतात आणि स्टेशनबाहेरच्या मोकळ्या जागेत वाजवत उभे राहतात. पूजामंडळांचे लोक येतात, कान देऊन ऐकतात, पसंत पडलेला चमू घेऊन जातात. ढाक म्हणजे माणसाच्या धडापेक्षा मोठा, आडवा लटकणारा ढोल. त्याच्या पाठीवर पांढऱ्या पिसांचा तुरा. कादंबरीचा चमू बायकांचा होता, म्हणून शकुनचा कॅमेरा तिच्यापाशी थांबला होता.

"शोकुन?" कादंबरीने काठ्या काखेत धरल्या. "खरंच आईबापांनी ठेवलं, का कुणी वैऱ्यानं?"

"आमच्याकडे शकुन म्हणजे शुभ चिन्ह."

"आमच्याकडेही शुभच. गावाबाहेर मेलेली गाय पडली की आधी आमची माणसं, कातडं काढायला. आम्ही उठलो की शोकुन बसायचे. आता किती वर्षं झाली, गाई मरतात आणि वर आभाळ रिकामं. कुठे गेलात गं तुम्ही सगळे?"

चमूतल्या बायका खिदळल्या. शकुनही हसली आणि तिने परतफेड केली. "आमच्या भाषेत कादंबरी म्हणजे काय ठाऊक आहे? लांबच लांब गोष्ट. चारशे पानांची, छापलेली."

"खरी?"

"बहुतेक खोटी."

"मग बरोबर आहे," कादंबरी म्हणाली. "माझ्या नवऱ्याचंही हेच मत होतं."

अशी त्यांची ओळख झाली. दोघींची नावे एकमेकींच्या भाषेत थट्टेचा विषय होती, आणि थट्टेतून जी जवळीक निर्माण होते ती लवकर होते, एवढे शकुनला पक्के कळले. पण सारख्या दिसणाऱ्या शब्दाने दोनदा चकवल्यावर माणसाने तिसऱ्यांदा सावध राहावे, हे मात्र तिला सुचले नाही.

शकुन स्वतंत्रपणे माहितीपट करत असे. 'स्वतंत्रपणे' याचा अर्थ असा, की पैसे कोणाकडून तरी येत, पण तो कोणी तिला पगार देत नसे. तिच्या चित्रपटांचे विषय 'परिघावरचे समाज' या नावाने ओळखले जात. परीघ हा शब्द वापरण्यात एक सोय असते: वापरणारा केंद्रात बसला आहे, हे त्याला वेगळे सांगावे लागत नाही. ढाक्यांवरच्या या चित्रपटामागे मुंबईचे एक प्रतिष्ठान होते. ज्या देवीचे डोळे या माणसांच्या वाजवण्याशिवाय उघडत नाहीत, तिच्या मंडपामागे ताडपत्रीखाली या माणसांना झोपवले जाते, हे त्या प्रतिष्ठानाला तिच्या प्रस्तावातून नव्याने कळले होते आणि ते हेलावले होते. आपल्या 'गौरवगाथा' मालिकेत त्यांनी ढाक्यांना जागा दिली.

पूजेचे सगळे दिवस शकुनने चित्रण केले. त्या वर्षी कादंबरीचा चमू न्यू टाउनमधल्या एका मोठ्या निवासी संकुलाने घेतला. योगायोग असा, की कादंबरीची मुलगी चैताली त्याच संकुलाच्या स्वागतकक्षात नोकरीला होती. लहानपणापासून आईच्या ढाकाशेजारी उभी राहून काशाची थाळी वाजवणारी मुलगी, आता कोट घालून, केस घट्ट बांधून, येणाऱ्या-जाणाऱ्यांना नमस्कार करत होती. ढाक वाजत असताना ती काउंटरमागून उठली, आईजवळ आली, पाण्याचा पेला तिच्या हाती दिला. शकुनने तो क्षण टिपला. विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी, परतीच्या गाडीची वाट पाहत सियालदहच्या बाकावर बसलेली कादंबरी ढाकाचा पट्टा सोडता सोडता, कॅमेऱ्याकडे न बघता म्हणाली, "मेयेर ओपोर आमार खूब अभिमान."

शकुनने मान डोलावली; तिच्या डोळ्यांत पाणी आले. 'मेये' म्हणजे मुलगी, 'खूब' म्हणजे खूप, आणि अभिमान म्हणजे अभिमान. हा शब्द शब्दकोशात पाहायचा असतो, असे कोणत्या मराठी माणसाला वाटेल? तिने उपशीर्षक लिहिले: मला माझ्या मुलीचा फार अभिमान वाटतो. इंग्रजीतही तेच, आणि मुंबईला पाठवलेल्या प्रतीत कादंबरीच्या आवाजावर शकुनने स्वतः वाचलेले इंग्रजी निवेदनही. पुढचे सगळे महिने ती या एका वाक्याभोवती चित्रपट विणत बसली. प्रतिष्ठानाच्या तेजस्विनीने ते पाहून फोन केला आणि नाव तिथल्या तिथे ठरवले: 'प्राइड'.

*

ते वाक्य ऐकून पहिल्यांदा कोणी तोंड उघडले असेल, तर वासंतीआत्याने.

आत्याच्या यजमानांची बँकेने कोलकात्याला बदली केली, तेव्हा सगळ्यांनी तीन वर्षे काढ म्हणून धीर दिला होता. इतर मराठी कुटुंबे आली तशी गेली. ही दोघे शहराच्या बेहाला भागात राहिली, आणि यजमान गेल्यावरही आत्या राहिली. शकुन तिच्याकडेच राहत होती आणि मागच्या खोलीत चित्रपटाचे संकलन करत होती. भाद्रपदातल्या एका सकाळी तिने निवेदन नसलेले कच्चे संकलन जेवणाच्या टेबलावर लावले. आत्या शेजारी बसून परवर चिरत होती. चष्मा आतल्या खोलीत होता, म्हणून तिने उपशीर्षके वाचली नाहीत, नुसते ऐकले.

"बिचारी," आत्या म्हणाली. "एवढं काय केलं गं पोरीनं?"

"कुठल्या पोरीनं?"

"हिच्या मुलीनं. आई इतकी दुखावलीय, म्हणजे काहीतरी केलं असणारच की."

"आत्या, दुखावली कुठे? तिला अभिमान आहे, असं म्हणतेय ती."

"तेच तर म्हणतेय मी."

"अगं, अभिमान! प्राइड!"

आत्याने विळी आडवी केली. "शके, मुलीचा की मुलीवर?"

शकुनने वाक्य मागे नेऊन पुन्हा लावले. मेयेर ओपोर. मुलीवर.

"आपल्याकडे अभिमान कुणाचा तरी असतो," आत्या म्हणाली. "यांच्याकडे तो कुणावर तरी असतो. आपल्याकडे 'वर' काय काय असतं, सांग बघू."

"राग. रुसवा."

"आणि?"

"जीव."

"हां. ते तिन्ही एका भांड्यात घाल आणि झाकण लाव. वाफ बाहेर येता कामा नये. तो यांचा अभिमान. परक्या माणसावर करताच येत नाही." मग ती एकदम हसू लागली. "मीही आपटले होते गं. तुझ्या काकांच्या हाताखालच्या बाबूंची बायको मला म्हणाली, बउदी, म्हणजे वहिनी, तुमच्यावर माझा अभिमान आहे. मी म्हटलं, थँक्यू! वर तिला बसवून चिवडा खायला घातला. महिन्याभरानं कळलं, तिच्या मुलाच्या उष्टावणाला आम्ही गेलो नव्हतो."

शकुन हसली नाही. तिच्या डोक्यात चित्रपटाचा एकेक दुवा निखळत होता. पण त्या पडझडीच्या आवाजातही एक प्रश्न वेगळा ऐकू येत होता, आणि खरे सांगायचे तर तो तिला पडझडीपेक्षा अधिक ओढत होता: मुलीने केले तरी काय?

*

सलील ध्वनिमुद्रणाचे काम करी. तो श्यामबाजारचा, तिथेच जन्मलेला, आणि संकलनाच्या वेळी रोज शेजारी बसणारा. शकुनने त्याला दुपारी बोलावून घेतले.

"अभिमान म्हणजे प्राइड नव्हे, हे तुला माहीत होतं?"

"हो, शकुनदी."

"मग बोलला का नाहीस?"

सलील अवघडला. "मला वाटलं, ते तुमचं आर्टिस्टिक आहे."

शकुनने डोळे मिटून घेतले. चित्रपटाचे तुकडे आतापर्यंत इतक्या बंगाली माणसांनी पाहिले होते, आणि प्रत्येकाने ती चूक कला समजून नमस्कार केला होता. प्रतिष्ठा म्हणतात ती हीच असावी: तुमची चूक तुमच्या तोंडावर सांगण्याची लोकांची हिंमत हळूहळू नाहीशी होणे.

"न्यू टाउनचं सगळं चित्रण काढ," ती म्हणाली. "विसर्जनाच्या आधी त्या दोघी एकमेकींसमोर फक्त तिथे आल्यात. जे झालं असेल ते तिथेच झालं असणार."

ते दोघे तासन्‌तास पाहत बसले. भांडण नव्हते. कपाळावर आठी नव्हती. चैताली आईपासून दूर पळत नव्हती. उलट उठून पाणी घेऊन आली होती. शकुनने या दृश्याला 'मा, पाणी घे' असे उपशीर्षक दिले होते, कारण ढाकांच्या गजरात तिला 'मा' तेवढे ऐकू आले होते आणि पुढचे तिने आपल्या मनाने भरले होते.

"मागे काउंटरपाशी ती माणसं कोण?" तिने विचारले.

"सोसायटीचे सेक्रेटरी वाटतात. आणि तिचा साहेब."

"तिचा आवाज वेगळा काढता येईल?"

सलीलने कानांवर हेडफोन चढवले, ढाकांचे थर एकेक करून खाली दाबले, एक तुकडा पुन्हा पुन्हा ऐकला. मग हेडफोन शकुनच्या कानांवर ठेवले.

"माशी," चैताली म्हणत होती. स्पष्ट, नम्र, कामावरच्या आवाजात. "माशी, पाणी घ्या."

मराठी कानाला तो घोंघावणारा किडा. बंगालीत आईची बहीण. आणि तेवढ्यावर न थांबता, वयाने मोठ्या पण आपल्या कोणी न लागणाऱ्या प्रत्येक बाईला हाक मारण्याचा तो शब्द: भाजीवालीला, मोलकरणीला, ढाक वाजवणारीला. त्यात आदर पुरेपूर असतो. अंतरही तेवढेच असते. साहेबासमोर चैतालीने आईला ओळख न देण्यासाठी जगातला सर्वांत सभ्य शब्द निवडला होता.

चित्रात कादंबरी पेला घेते, पाणी पिते, पेला परत करते आणि काठ्या उचलते. त्यानंतरचा ताल पूर्वीपेक्षा जलद होता. शकुनने संकलनात त्याला आनंदाचा ताल समजून विसर्जनाच्या मिरवणुकीला जोडले होते.

*

तेजस्विनी पडद्यावर आली तेव्हा तिच्या मागे वारली चित्रांची भिंत होती.

"प्लीज हे सांगू नकोस, की नाव बदलायचंय. पूजेच्या तोंडावर, महालयाच्या आठवड्यात न्यू टाउनच्या सभागृहात खेळ ठरलाय. पत्रिका छापून आल्या."

शकुनने समजावून सांगितले. शब्द, त्याला लागणारे 'वर', माशी. तेजस्विनी सहृदय होती. तिने शेवटपर्यंत ऐकले.

"म्हणजे ती नेमकी काय आहे? दुःखी?"

"रुसलीय. मराठीत सर्वांत जवळचं तेच. रुसलीय."

"सल्किंग?" तेजस्विनीचा चेहरा खरोखर दुखावला. "शकुन, एक दलित श्रमिक बाई मुलीवर रुसून बसते, असं आपण दाखवायचं? मी तुझ्या भल्यासाठी सांगतेय. दुःख असेल तर दाखवू. जातीमुळे मुलीला ओळख लपवावी लागते, असा अँगल असेल तर फारच चांगलं, त्यावर एखाद्या अभ्यासकाची मुलाखत जोड. पण रुसणं फार… घरगुती होतं. समाज कुठे दिसतो त्यात?"

गरिबांना दुःखाचा परवाना होता, अभिमानाचा नव्याने मिळाला होता. रुसण्याचा मात्र नव्हता. रुसायला समोरचे माणूस हक्काचे लागते, दार आतून लावून घ्यायला घर लागते. आणि प्रतिष्ठानाच्या जगात या माणसांना समाज असे, घर नसे.

"आणि खरं सांगू का, कुणाला कळणार आहे?" तेजस्विनीने आवाज मऊ केला. "तिच्या आवाजावर तुझं इंग्रजी निवेदन आहेच. मूळ वाक्य ऐकूच येत नाही."

हे तिने दिलासा म्हणून सांगितले होते. शकुनला मात्र त्या वाक्याने खुर्चीतून उठवले. खेळ न्यू टाउनमध्ये होता. चैताली तिथून हाकेच्या अंतरावर काम करत होती. चित्रपट आपल्या संकुलाचा म्हणून सगळे कर्मचारी नेले जाणार होते. आईने लेकीबद्दल उच्चारलेले एकुलते एक खरे वाक्य लेकीसमोर वाजणार, आणि त्यावर शकुनचा स्वच्छ इंग्रजी आवाज नेमके त्याच्या उलट सांगणार. मुलगी घरी जाणार ती समजूत घेऊन, की आई खूश आहे. काही बिघडलेलेच नाही. मग ती जन्मात कशाला समजूत काढायला जाईल?

*

कादंबरीचे गाव बसिरहाटच्या बाजूला होते. शकुन पोहोचली तेव्हा अंगणात ढाक उन्हाला ठेवले होते. पूजेआधी कातडे ताणून घ्यावे लागते. कादंबरी एका ढाकाच्या दोऱ्या पायाने रेटून आवळत होती.

"पिक्चर झाला?"

"नाही. कादंबरीदी, सियालदहला तुम्ही अभिमान म्हणालात ना, तो मला तेव्हा कळला नव्हता."

कादंबरीचा पाय दोरीवर तसाच राहिला. "आता कळला?"

"आत्यानं सांगितला."

"मग तेव्हा मान कशाला डोलावलीस? डोळ्यांत पाणी आणलंस! मी घरी येऊन सगळ्यांना सांगितलं, शोकुन आहे पण मनानं चांगली आहे."

"मला वाटलं, तुम्हाला चैतालीचं कौतुक वाटतंय."

कादंबरी इतकी हसली, की शेजारची बाई कुंपणावरून डोकावली. हसू ओसरल्यावर तिने दोरीला गाठ मारली. "कौतुक! पाणी दिलं तिनं मला. थंड दिलं. पेलासुद्धा काचेचा दिला. पाहुण्यांना देतात तो."

"मी ऐकलं. माशी म्हणाली."

 कादंबरीने ढाकावर बोटाने टिचकी मारून आवाज पाहिला.

"मी तिच्याशी बोलू का?" शकुनने विचारले.

"खबरदार! तू जाऊन सांगणार, आई रुसलीय. ती येणार, सॉरी म्हणणार. मग उरलं काय? सांगून काढून घ्यायचा तर तो अभिमान कसला? त्यापेक्षा ठाण्यात जाऊन तक्रार देते."

"मग चित्रपटातून ते वाक्य काढून टाकते."

"काढ म्हटलं का मी?"

"म्हणजे ठेवू?"

कादंबरीने तिच्याकडे पाठ केली आणि दुसरा ढाक ओढला. "तोमार जा इच्छे."

तुला वाटेल ते कर. बंगालीतले हे एक वाक्य शकुनला कुणी समजावून द्यावे लागले नाही. रुसलेले माणूस साताऱ्यातही हेच म्हणते, याच सुरात, अशीच पाठ करून. आणि त्याचा अर्थ असा असतो, की करण्याजोगी गोष्ट एकच आहे, ती मी सांगणार नाही, आणि तुला ओळखता आली नाही तर ते मी लक्षात ठेवीन.

परतीच्या गाडीत शकुन त्या एका गोष्टीचा विचार करत होती. सांगायचे नाही. लपवायचेही नाही. मग उरते काय?

*

निवेदन काढून टाकते आहे आणि नावही, असे तिने प्रतिष्ठानाला कळवले. प्रतिष्ठानाने तिच्या कलात्मक भूमिकेचा आदर केला आणि चित्रपट मालिकेतून वगळला. सभागृहात त्या दिवशी दुसऱ्या कोणाच्या तरी गौरवाची गाथा दाखवायचे ठरले. शकुनच्या हाती आता चित्रपट होता, पण पडदा नव्हता; आणि चैताली आपसूक येऊन बसेल अशी खुर्चीही नव्हती.

म्हणून ती न्यू टाउनला गेली. स्वागतकक्ष थंडगार होता. चैतालीने तिला ओळखले आणि आधी मागे साहेब आहे का ते पाहिले.

"मा-नं पाठवलं तुम्हाला?"

"नाही. तिला माहीतही नाही."

"पिक्चरमध्ये माझ्याबद्दल काय बोललीय ती?"

प्रश्न इतका चटकन आला, की शकुनच्या लक्षात आले, तो बराच काळ तोंडात घोळत असला पाहिजे. उत्तर तिच्या जिभेवर होते. तिने ते गिळले.

"तेच मला नक्की कळलेलं नाही," ती म्हणाली, आणि हे खरेच होते. "माझं बांग्ला कच्चं आहे. उपशीर्षकाच्या एका ओळीशी अडलेय. तुम्ही तपासून द्याल का?"

"तुमचे ते सलीलदा आहेत की. बंगालीच तर आहेत."

"त्याला सगळंच आर्टिस्टिक वाटतं."

चैताली हसली. हसताना ती हुबेहूब कादंबरी दिसली. "रविवारी सुट्टी असते," ती म्हणाली.

*

रविवारी ती दुपारी आली. कोट नव्हता, कुर्ता होता, आणि केस मोकळे होते. आत्याने तिला लुची आणि आलूर दम खायला घातल्याशिवाय मागच्या खोलीत जाऊ दिले नाही. मग सलीलने हेडफोन दिले आणि शकुनने न्यू टाउनपासून चित्रपट लावला.

पाण्याचा पेला आला तेव्हा चैतालीचे खांदे ताठ झाले. "हे तुम्ही घेतलंत?" ती पुटपुटली.  शकुनला विचारायचे खूप होते, आणि एक प्रश्नसुद्धा विचारता येण्यासारखा नव्हता. मग सियालदहचा बाक आला. कादंबरी पट्टा सोडत होती. आता तिच्या आवाजावर दुसरा आवाज नव्हता. खाली मात्र जुने इंग्रजी उपशीर्षक अजून तसेच होते.

चैतालीने ते वाचले आणि फसकन हसली. "प्राउड? माझी मा? तिनं देवीचंसुद्धा कौतुक केलेलं नाही कधी. दरवर्षी म्हणते, गेल्या वर्षीची मूर्ती बरी होती." तिने स्वतःच कळ दाबून दृश्य मागे नेले. आता ती हसत नव्हती. पुन्हा मागे नेले. या वेळी तिने डोळे मिटले होते, जणू चित्राची अडचण होत होती.

 सलील उगाच एक वायर गुंडाळत होता.

"हे कधी म्हणाली ती?" चैतालीने हेडफोन गळ्यात उतरवले.

"विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी."

"तेव्हापासून मी दर रविवारी फोन करतेय. दर वेळी म्हणते, सगळं ठीक आहे, तू कामाकडे लक्ष दे. कशी आहेस विचारलं तर म्हणते, छान आहे. तेव्हाच कळायला हवं होतं. मा कधी छान नसते." तिने नाक पुसले. "सेक्रेटरी उभे होते हो. नवीन नोकरी होती. तोंडातून निघून गेलं."

 शकुनने कीबोर्ड पुढे सरकवला. "मग या ओळीत काय लिहू?"

"काहीच लिहू नका."

"ज्यांना बांग्ला येत नाही, त्यांना कळणार नाही."

"त्यांच्यावर थोडाच आहे तो?" चैताली म्हणाली, आणि फोन घेऊन बाल्कनीत गेली.

शकुनने उपशीर्षक पुसले. बाकावर बसलेल्या कादंबरीखाली आता रिकामी पट्टी होती. बाहेर चैतालीचा आवाज क्षणभर हळू होता, मग एकदम चढला. पलीकडून त्याहून चढलेला आवाज आला असावा, कारण ती मध्येच थांबे आणि दुप्पट वेगाने सुरू होई. सलीलचा हात सवयीने ध्वनिमुद्रकाकडे गेला. दार अर्धे उघडे होते. आवाज उत्तम येत होता. इतक्या वर्षांच्या कामात याहून खरे काही शकुनच्या हाती लागले नव्हते, आणि पुढे काय बोलले जाते हे ऐकण्यासाठी तिचा जीव टांगणीला लागला होता. तिने उठून बाल्कनीचे दार लोटले.

दार लोटले तरी बोलण्याचा ताल येत होता. शब्द मात्र गावाकडच्या बोलीत होते, भराभर. दहांतला एखादा कळे. पट्टा. खांदा. काकी. पुन्हा खांदा.

स्वयंपाकघराच्या खिडकीतून बाल्कनी दिसे. आत्या तिथे बशी पुसत उभी होती, आणि ती बशी केव्हाच कोरडी झाली होती.

"काय म्हणतेय?" न राहवून तिथे गेलेल्या शकुनने विचारले.

"म्हणतेय, यंदा मी काही सियालदहला येणार नाही. मला वेळ नाही."

शकुनने भिंतीला टेकून श्वास सोडला. "आणि?"

"थांब जरा." आत्याने कान खिडकीशी नेला. "आणि विचारतेय, तू कुठल्या गेटपाशी उभी राहणार आहेस."